सडा हे बेट आहे का? सिनॉप्सिसमधल्या एका लाडक्या वाक्याची उलटतपासणी

पाटण, जावळी, सातारा या पट्ट्यातल्या पठारांवर पीएचडी करायची म्हटलं की सिनॉप्सिसचं पहिलं वाक्य जवळपास ठरलेलंच असतं. “सह्याद्रीतील जांभ्याचे सडे ही जैवविविधतेची बेटे आहेत.” पुढे वायतुऱ्याचा फोटो, कास पठाराचा उल्लेख, २०१२ चा जागतिक वारशाचा दर्जा, आणि मग उद्दिष्टं. वाक्य छान आहे. गाईडला आवडतं, कमिटीला समजतं. पण हे वाक्य नेमका कोणता दावा करतंय, हे विचारलं की लिहिणारा बहुतेक वेळा गप्प होतो. आज त्या एका वाक्याचीच उलटतपासणी करू. तुम्ही पेट (म्हणजे पीएचडी प्रवेश परीक्षा) देऊन नुकते विषय शोधायला लागला असाल तर हे आत्ताच वाचलेलं बरं, नंतर प्रकरण तीनमध्ये अडकल्यावर नको.

आधी जागा समजून घ्या. कोयनानगरला वर्षाला पाच हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो, आणि पूर्वेला पन्नास-साठ किलोमीटरवर कराडला त्याचा छोटासा हिस्सा. या दोन टोकांच्या मध्ये पाटण तालुका पसरलाय. खाली कोयनेचं खोरं, उतारावर जंगल आणि शेतं, आणि डोक्यावर सपाट, उघडे, काळपट-तांबूस सडे. सडावाघापूर, वनकुसवडे, आणि शेजारी सातारा तालुक्याच्या बाजूला चाळकेवाडी. खालचा खडक काळा बसाल्ट, साधारण साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याचा. वरची टोपी जांभ्याची. माती वीतभरसुद्धा नाही, पावसाळ्यात सगळीकडे पाणी साचलेलं आणि एप्रिलमध्ये दगड इतका तापतो की बसवत नाही. अशा जागी जगणारी झाडं खालच्या खोऱ्यात दिसत नाहीत, खोऱ्यातली इथे टिकत नाहीत. इथपर्यंत “बेट” हा शब्द बरोबर बसतो. कडा स्पष्ट आहे आणि आत-बाहेरची वस्ती वेगळी आहे.

खडकाळ उंचवट्यांना बेट म्हणण्याची पद्धत आपली नाही. जर्मन भूवैज्ञानिक बोर्नहार्ट यांनी पूर्व आफ्रिकेतल्या एकट्या उभ्या टेकड्यांसाठी ‘इन्सेलबर्ग’ म्हणजे बेट-डोंगर हा शब्द रूढ केला, आणि पुढे पोरेम्बस्की वगैरे वनस्पतिशास्त्रज्ञांनी त्या कल्पनेवर जगभर काम केलं. आपल्याकडे अपर्णा वाटवे यांनी उत्तर पश्चिम घाटातल्या आणि कोकणातल्या खडकाळ पठारांचा जो आढावा २०१३ मध्ये प्रसिद्ध केला, तो तुम्ही वाचलेला नसेल तर हा ब्लॉग बंद करा आणि आधी तो वाचा. सडे म्हणजे नुसता उजाड दगड नसून एक वेगळी परिसंस्था आहे, हे ठामपणे मांडण्यात अशा कामाचा मोठा वाटा आहे.

माझी तक्रार त्यांच्याबद्दल नाही, त्यांच्यानंतर शब्द उचलणाऱ्यांबद्दल आहे. बेट म्हटलं की तुम्ही मॅकआर्थर आणि विल्सन यांच्या १९६७ च्या पुस्तकाच्या दारात उभे राहता, मग तुम्ही त्यांचं नाव घ्या वा न घ्या. त्यांचं म्हणणं थोडक्यात असं की बेटावरच्या जातींची संख्या ही नव्याने येणाऱ्या आणि नामशेष होणाऱ्या जातींच्या ओढाताणीतून ठरते. बेट मोठं तर जाती जास्त, मुख्य भूमीपासून लांब तर कमी. सिम्बरलॉफ आणि विल्सन यांनी फ्लोरिडाजवळच्या खारफुटीच्या छोट्या बेटांवर तंबू घालून सगळे किडे मारले आणि ते परत कसे येतात ते मोजलं. संख्या साधारण पूर्वीइतकी झाली, पण जाती त्याच राहिल्या नाहीत. एवढं धाडसी काम शक्य झालं, कारण तिथे ‘मुख्य भूमी’ कुठे आहे ते माहीत होतं.

आता मला सांगा, सडावाघापूरच्या सड्याची मुख्य भूमी कुठली? खालचं जंगल नव्हे, कारण तिथल्या जाती वर राहतच नाहीत. शेजारचा सडा? तोही बेटच. मग सगळी बेटंच आहेत आणि मुख्य भूमी नाहीच, असा समुद्र झाला. त्यात मधली दरीही सगळ्यांसाठी सारखा समुद्र नसते. घारीला ती अडवत नाही, गाईगुरांच्या खुरांना चिकटून जाणाऱ्या बीला फारशी अडवत नाही, सरड्याला कदाचित पुरती अडवते. म्हणून “सडा बेट आहे” हे वाक्य जातीचं नाव घेतल्याशिवाय अर्धवट आहे. कुणासाठी बेट, ते लिहा.

हे करून दाखवल्याचं उदाहरण दक्षिणेत आहे. निलगिरी, पलनीच्या उंच भागातल्या शोला जंगलांना आकाशबेटं म्हणतात, आणि तिथे व्ही. व्ही. रॉबिन आणि सहकाऱ्यांनी पक्ष्यांचे जनुक तपासून पालघाट खिंडीसारख्या दऱ्यांच्या दोन बाजूंचे पक्षी खरोखर किती वेगळे पडलेत ते पाहिलं. तिथे ‘बेट’ ही उपमा राहिली नाही, ती तपासता येणारी गोष्ट झाली.

पण माझ्या मते सिनॉप्सिसमधला सगळ्यात मोठा खड्डा वेगळाच आहे, तो म्हणजे भूतकाळ. खऱ्या बेटाला जन्मतारीख असते. पनामातलं बारो कोलोराडो घ्या. उष्ण कटिबंधातलं जगातलं बहुधा सगळ्यात जास्त अभ्यासलेलं बेट. ते काही समुद्रात नव्हतं. पनामा कालव्यासाठी चाग्रेस नदी अडवली, गातून तलाव भरला आणि १९१३-१४ च्या सुमारास एका टेकडीचा माथा पाण्याने वेढला गेला. १९२३ पासून ते संशोधनासाठी राखलेलं आहे. त्यामुळे तिथून पक्ष्यांची एखादी जात नाहीशी झाली की विचारता येतं, वेगळं पडल्यावर किती वर्षांनी? आधी ती तिथे होती हे कशावरून?

आपल्याकडे याचा जुळा भाऊ पाटण तालुक्यातच आहे आणि तो बेट म्हणून क्वचितच आठवतो. कोयनेचं पाणी १९६० च्या दशकाच्या सुरुवातीला अडलं, शिवसागर भरला, गावं उठली, माणसं दूरदूरच्या जिल्ह्यांत पाठवली गेली. जे डोंगर एका खोऱ्याच्या दोन बाजू होते ते पाण्याच्या दोन काठांवर आले. इथे तारीख आहे, पाण्याच्या पातळीच्या नोंदी आहेत, उठलेल्या गावांतली तेव्हाची पोरं आज सत्तरी-ऐंशीत आहेत. वेगळेपणाचा परिणाम शोधायचा तर सड्यापेक्षा या काठांवर पुरावा जास्त मिळेल, असं माझं मत आहे. पण तिथे सप्टेंबरात जांभळी फुलं येत नाहीत ना!

सड्याची जन्मतारीख मात्र भलतीच गुंतागुंतीची आहे. बहुतेक विद्यार्थी एक चित्र मनात धरून चालतात. पूर्वी जांभ्याचं एकच विस्तीर्ण पठार होतं, नद्यांनी ते कापलं आणि आज उरलेत ते त्याचे तुकडे. हे चित्र जुनं आहे, त्याला चांगले पाठीराखे आहेत. पण २००८ मध्ये ऑलिअर आणि हेतू शेठ यांनी महाबळेश्वर-पाचगणी परिसरातल्या या कठीण टोप्यांबद्दल वेगळाच मुद्दा मांडला. त्यांच्या मते ही टोपी सपाट पठारावर तयार झालेली नाही, ती प्राचीन नद्यांच्या तळाशी लोह साचून घट्ट झाली. पुढे आजूबाजूचा मऊ खडक झिजला, कडक तळ टिकला, आणि जी दरी होती तिचा डोंगरमाथा झाला. भूरूप उलटं झालं.

आता तुम्ही म्हणाल, आम्ही वनस्पतीवाले, आम्हाला याच्याशी काय देणंघेणं? बघा, केवढं आहे ते. पहिलं चित्र खरं असेल तर सगळे सडे एकेकाळी एका चादरीचे भाग होते, आणि जवळच्या दोन सड्यांवरच्या झाडांचं नातं अंतरावरून ठरावं. दुसरं खरं असेल तर सडे जुन्या नद्यांच्या फांद्यांसारखे जोडलेले होते, आणि आज हवाई अंतराने जवळ असलेले दोन सडे कधी एकमेकांना जोडलेलेच नसतील. तिसरी शक्यता अशी की हा सगळा भूगोल इतका जुना आहे की आजच्या जातींच्या वाटपाशी त्याचा संबंधच नाही, आणि वारा, पाणी, पक्षी, गुरं यांनी गेल्या काही हजार वर्षांत जे इकडून तिकडे नेलं तेच आपण पाहतोय.

वायतुऱ्यावर हे लावून पाहा. अपोनोजेटॉन सातारेन्सिस या नावाने तो १९८२ मध्ये शास्त्राला माहीत झाला. सड्यावरच्या उथळ पाण्यात उगवतो, पावसाळा संपला की कंदात दडून बसतो, आणि त्याच्यात नर-मादी झाडं वेगळी असतात. बेटांच्या अभ्यासात बेकरचा नियम म्हणून एक जुना ठोकताळा आहे. ज्या झाडाला एकट्यानेच बी धरता येतं ते दूरच्या जागी जाऊन वसण्याची शक्यता जास्त, कारण एकच बी पोचलं तरी भागतं. नर-मादी वेगळे असलेल्या झाडाला साध्या हिशोबाने किमान दोघं पोचायला हवेत. मग वायतुरा सड्यांवर पोचला, की सडे तुटत गेले आणि तो जिथल्या तिथे राहिला? हवाईसारख्या खऱ्याखुऱ्या बेटांवर नर-मादी वेगळी असलेली झाडं ठोकताळ्याच्या उलट बरीच सापडतात, हेही लक्षात असू द्या. म्हणजे नियम दाखवून उत्तर मिळणार नाही. पण प्रश्न मिळाला, आणि तो पहिल्या वाक्यात लपला होता. “जैवविविधतेची बेटे” असं लिहून आपण तो झाकून ठेवला होता, एवढंच.

इथून जवळच्या भूतकाळाकडे येऊ, म्हणजे हजार वर्षांच्या आतल्या. इथे खरा पणाला लागलेला मुद्दा आहे. सड्याची जमीन कागदावर बहुधा पोटखराबा किंवा पडीक म्हणून दिसते. पडीक म्हटलं की पुढचा विचार आपोआप येतो, पूर्वी इथे जंगल असणार, लोकांनी तोडलं, तर आता झाडं लावा. किंवा काहीच नाही तर काहीही उभारा. नवीन महाबळेश्वर प्रकल्पात पाटणसह शेजारच्या तालुक्यांतली गावं येतात. अशा आराखड्यांच्या नकाशात सड्याला कोणता रंग मिळतो हे ठरवताना “इथे पूर्वी काय होतं” याचं उत्तर कुणीतरी देणारच. ते तुमच्या प्रबंधातून येणार की सातबाऱ्यावरच्या एका शब्दातून, एवढाच प्रश्न आहे.

या बाबतीत अलीकडचा एक पेपर मला फार महत्त्वाचा वाटतो. आशिष नेर्लेकर आणि दिग्विजय पाटील यांनी २०२५ मध्ये ‘पीपल अँड नेचर’ या नियतकालिकात पश्चिम महाराष्ट्रातल्या गवताळ, विरळ झाडीच्या प्रदेशाचा इतिहास मराठी साहित्यातून शोधला. तेराव्या शतकापासूनचं संतचरित्र, काव्य, लोकगीतं तपासून त्यांनी ४४ रानटी वनस्पती ओळखल्या. त्यांतल्या २७, म्हणजे जवळजवळ दोन तृतीयांश, उघड्या माळरानाच्या निघाल्या. निष्कर्ष असा की हा माळ म्हणजे उद्ध्वस्त झालेलं जंगल नव्हे, तो निदान साडेसातशे वर्षं असाच आहे. मराठी वाचता येणाऱ्याला परिसरशास्त्रात वरचष्मा मिळावा अशी ही दुर्मीळ संधी आहे, आणि ती त्यांनी मेहनतीने घेतली.

पण हा पेपर उचलून तसाच पाटणच्या सड्यावर ठेवलात तर चूक तुमची, त्यांची नव्हे. त्यांचा प्रदेश मुख्यतः पर्जन्यछायेचा, देशावरचा. आपल्या जुन्या साहित्याच्या वाटाही तिकडूनच जातात. पंढरपूर, जेजुरी, नीरा-भीमेची खोरी. घाटमाथ्यावरचा वीतभर मातीतला सडा त्या वाटेवर येत नाही. दुसरं, साहित्यात येतात ती माणसाच्या कामाची किंवा श्रद्धेची झाडं. हिवर, बाभूळ, बोर येईल. सीतेची आसवं म्हणतात ती बोटभर उंचीची कीटकभक्षी वनस्पती कोण कशाला ओवीत घालेल? तिचं नाव सापडलं नाही म्हणून ती नव्हती असं म्हणता येत नाही.

तिसरा सापळा पाटणकरांसाठी खास आहे. चाफळ आपल्याच तालुक्यातलं, आणि समर्थ रामदासांच्या नावावर ‘बाग प्रकरण’ आहे, त्यात झाडांची नावं भरपूर. लगेच यादी करावीशी वाटेल. थांबा. ती बागेसाठीची नावं आहेत. माणसाने लावायच्या झाडांची यादी म्हणजे रानाची नोंद नव्हे. नेर्लेकर-पाटील यांनी रानटी वनस्पतीच मोजल्या, आणि मजकुरातला पुरावा इतर पुराव्यांशी ताडून पाहिला, यातच त्यांच्या पद्धतीचा जीव आहे. पद्धत न्या, निकाल नेऊ नका.

गावांच्या नावांचंही तसंच. सडावाघापूर या नावातच सडा आहे. म्हणजे नाव पडलं तेव्हा तो सडा उघडाच होता, असा मोह होतो, आणि बहुधा तो खराही असेल. पण नाव कधी पडलं? कोणत्या जुन्या कागदात ते पहिल्यांदा दिसतं? तो कागद सापडेपर्यंत नाव ही खूण आहे, पुरावा नव्हे.

मग माती खणून पाहायची का? निलगिरीत सुकुमार आणि सहकाऱ्यांनी १९९३ मध्ये दलदलीतल्या कुजलेल्या थरांतल्या कार्बनच्या समस्थानिकांवरून हजारो वर्षांत गवत आणि झाडी कशी मागेपुढे झाली ते दाखवलं. उष्ण प्रदेशातल्या गवतांची कार्बनची खूण झाडांपेक्षा वेगळी असते, त्यावर ही युक्ती चालते. सड्यावर अडचण ही की थरच नाहीत. दरवर्षीचा पाऊस माती धुऊन नेतो. खालच्या उताराच्या पायथ्याशी, जिथे ती माती साचते, तिथे कदाचित काही हाती लागेल, पण तिथे सड्याची आणि जंगलाची खूण एकत्र मिसळलेली असणार. हा धोका सिनॉप्सिसमध्ये आधीच लिहून ठेवा.

पुरावाच नसेल तेव्हा संशोधक काळाच्या जागी जागा वापरतो. याचं सर्वांत चांगलं उदाहरण आपल्या उंबऱ्यावरच आहे. मारिया ठाकर, अमोद झांबरे आणि हर्षल भोसले यांनी २०१८ मध्ये चाळकेवाडीच्या पठारावरच्या पवनचक्क्यांचा परिणाम अभ्यासला. चक्क्यांच्या भागात शिकारी पक्षी जवळजवळ चार पटींनी कमी, आणि त्यांचं भक्ष्य असलेला रंगीत गळ्याचा सरडा जास्त. शिवाय ते सरडे कमी ताणात, आणि माणूस बराच जवळ येईपर्यंत न पळणारे. (या सरड्याच्या कुळाला २०१६ मध्ये ‘सरडा’ हेच मराठी नाव शास्त्रीय नाव म्हणून मिळालं. मराठीत पेपर लिहिला तर वाक्यं किती गमतीची होतील!) पेपर उत्तम आहे, वर्गात शिकवावा असा. पण तुलना कशाशी आहे ते बघा. चक्क्या असलेली जागा आणि शेजारची चक्क्या नसलेली जागा. चक्क्या लागण्याआधी याच जागी किती घारी होत्या, याची मोजणी नाही. वारा जिथे जास्त तिथे चक्क्या बसतात, म्हणजे त्या जागा आधीपासूनच थोड्या वेगळ्या असू शकतात. लेखकांनी सरड्यांच्या शरीरातल्या आणि वागण्यातल्या बदलांची साखळी जोडून हा दावा बराच भक्कम केलाय. तरीही आपण वाचताना “बदलले” आणि “वेगळे आहेत” या दोन क्रियापदांत गल्लत करायची नाही. पहिल्याला भूतकाळ लागतो.

आता थोडं आकर्षणांबद्दल, कारण तिथूनच तुमच्यापैकी अनेकांची विषयाशी ओळख झालेली असते. सडावाघापूरचा उलटा धबधबा, म्हणजे कड्यावरून पडणारं पाणी वारा परत वर फेकतो ते दृश्य, पावसाळ्यात गर्दी खेचतं. कासला फुलांचा हंगाम. दोन्हीकडे माणूस जातो ते वर्षातले दोन-तीन महिने, आणि आपलं सॅम्पलिंगही नेमकं त्याच महिन्यांत होतं. मग डेटात सडा म्हणजे फुलं असंच दिसतं, आणि तोच सडा मे महिन्यात पाहणाऱ्या अधिकाऱ्याला तो उजाड दगड दिसतो. दोघांनीही अर्धं वर्षच पाहिलेलं असतं. कासला पर्यटकांना आवरायला जाळीचं कुंपण घातलं, त्याने गुरंही थांबली, आणि फुलांवर याचा परिणाम काय यावर वाद होऊन पुढे कुंपण काढावं लागलं. चराई ही सड्याच्या इतिहासाचा भाग होती का बाहेरचा त्रास होता, हे आधी कुणी तपासलं असतं तर कुंपणाचा निर्णय वेगळ्या आधारावर झाला असता. बेट या शब्दातला हा शेवटचा दोष. बेट म्हटलं की ते निर्मनुष्य वाटतं. पाटणच्या सड्यांवर गुरं चरतात, काही ठिकाणी थोडी नाचणी-वरी होते, कडेने वाड्या आहेत. त्यांना प्रकरण पाचमधल्या “मानवी हस्तक्षेप” या एका उपशीर्षकात कोंबू नका.

तर पहिलं वाक्य कसं लिहायचं? मी असं लिहीन. “पाटण तालुक्यातील तीन सड्यांवरील अमुक जातीच्या समूहांत देवघेव होते का, आणि होत नसल्यास ते किती काळापासून वेगळे आहेत, हे हा प्रबंध तपासेल.” कमी सुंदर आहे, मान्य. पण याला ‘नाही’ असं उत्तर येऊ शकतं. आणि फील्डवर्क सुरू करायचंच असेल तर या वर्षी एप्रिलमध्ये जा, सकाळी आठच्या आत. वायतुऱ्याचे कंद तेव्हा जमिनीत कुठे आणि किती खोल असतात, कुठल्या खळग्यात शेवटपर्यंत ओल टिकते, आणि गुरं कोणत्या वाटेने एका सड्यावरून दुसऱ्यावर जातात, हे तेव्हाच दिसतं. पाणी दोन लिटर जास्त घ्या, वर सावली नाही.